दुसरी नायिका आणि शेवटची कलाटणी

गेल्या काही वर्षांत इंग्रजी प्रेमकादंबरीचा एक प्रकार फार वाचला जातोय. त्यात नायिका एक नसते. दोन असतात, तीन असतात. प्रत्येकीची बाजू वेगळी सांगितलेली असते. आणि शेवटाकडे अशी काहीतरी गोष्ट उघड होते, की आधीची सगळी पानं पुन्हा उलटून बघावीशी वाटतात. आपल्याकडच्या पुस्तकांच्या दुकानांतही कॉलीन हूवरचे गठ्ठे दर्शनी टेबलावर दिसतात आणि मराठी घरांतल्या मुली ते आवडीने घेतात. त्यामुळे हा विषय परका मानायचं काही कारण नाही.

एक सूचना आधीच देते. कलाटणीबद्दल बोलायचं तर शेवट सांगावाच लागतो. आज चार-पाच पुस्तकांचे शेवट मी सांगणार आहे. ज्यांना ती कोरी वाचायची असतील त्यांनी इथे थांबावं, पुस्तक वाचावं आणि मग परत यावं. व्याख्यान कुठे जात नाही.

माझा प्रश्न साधा आहे. अशा कादंबरीत कलाटणी बसते तेव्हा तिची किंमत कोण मोजतं? आपण वाचक तर मोजत नाही, आपल्याला मजा येते. नायक बहुतेक वेळा सुटतो. मग उरतं कोण?

आधी थोडं तंत्राबद्दल बोलू. प्रेमकादंबरी हा एक करार असतो. अमेरिकेतल्या रोमान्स लेखकांच्या संघटनेने या प्रकाराची व्याख्या करताना दोनच गोष्टी धरल्या: मध्यभागी प्रेमकथा हवी, आणि शेवट समाधान देणारा, आशेचा हवा. म्हणजे शेवट वाचकाला आधीच ठाऊक असतो. रहस्यकथेत खुनी कोण ते माहीत नसतं. इथे लग्न होणार हे माहीत असतं. मग आश्चर्याचा धक्का द्यायचा कुठून? एक वाट अशी, की नायिकाच दोन ठेवायच्या. सुख मिळणार हे ठरलेलं, पण कोणाला, हे गुलदस्त्यात. इथे वाचक नकळत निवड करायला लागतो. ही आपली, ती दुसरी. ही निवड आपण पुराव्यावर करतो असं आपल्याला वाटतं. खरं म्हणजे जी आधी बोलायला लागते तिची बाजू आपण घेतो.

एमिली गिफिनची 'समथिंग बॉरोड' बघा. 2004 सालची कादंबरी. रेचेल न्यूयॉर्कमध्ये वकील आहे. सरळ, अभ्यासू, कायम मागे राहिलेली. तिची बालमैत्रीण डार्सी देखणी आणि हक्काने सगळं घेणारी. रेचेलच्या तिसाव्या वाढदिवसाच्या रात्री ती आणि डार्सीचा वाग्दत्त वर डेक्स एकत्र येतात. आता गोष्ट रेचेल सांगतेय. तेव्हा मैत्रिणीचा विश्वासघात करणारी बाई आपल्याला बिचारी वाटते आणि जिचा विश्वासघात होतोय ती नकोशी. पण लेखिकेला एक अडचण आहे. रेचेलला सुख द्यायचं तर तिच्या माथ्यावरचा ठपका पुसायला हवा. मग कलाटणी येते: डार्सीचंही डेक्सच्या मित्राशी, मार्कसशी, प्रकरण चालू होतं आणि तिला दिवस गेलेत. झालं, हिशेब चुकता!

मी याला वकिली कलाटणी म्हणते. तिच्यामुळे डार्सीबद्दल नवीन काही समजत नाही. रेचेलची केस तेवढी मजबूत होते. पुढच्याच वर्षी मात्र गिफिनने 'समथिंग ब्लू' लिहिली आणि ती डार्सीच्या तोंडून सांगितली. जिच्यावर आपण अख्खं एक पुस्तक चिडलो, तिच्याबरोबरच आता लंडनला जायचं, तिचं गरोदरपण आणि तिचा एकटेपणा बघायचा. आधी आपण कुरकुरतो. मग हळूहळू लक्षात येतं, की डार्सी उथळ आहे हे खरं, पण पहिल्या पुस्तकात ती आपल्याला फक्त रेचेलच्या असूयेच्या काचेतून दिसत होती. माझ्या मते खरी कलाटणी गरोदरपणाच्या बातमीत नाही. ती या दुसऱ्या पुस्तकाच्या असण्यातच आहे.

तुम्ही म्हणाल, दोन बाया आणि एक पुरुष ही गोष्ट जुनीच. जुनीच आहे, आणि त्या जुन्या घराण्याचे दोन दाखले इथे लागतात. पहिला शार्लट ब्राँटेच्या 'जेन एअर'चा, 1847 सालचा. जेन आणि रॉचेस्टर लग्नाला उभे आहेत, आणि तिथेच कळतं की रॉचेस्टरची पहिली बायको जिवंत आहे; वेडी ठरवून माळ्यावर कोंडलेली. ही बर्था पूर्ण पुस्तकात स्वतःबद्दल एक वाक्य बोलत नाही. ती हसते, ओरडते, घर पेटवते आणि त्या आगीत मरते. मग जेनचा संसार मांडला जातो. बर्थाची बाजू मांडणारी कादंबरी, जीन ऱ्हीसची 'वाइड सारगॅसो सी', 1966 साली आली. मधे 119 वर्षं गेली. दुसऱ्या नायिकेला तोंड उघडायला एवढा वेळ लागला.

दुसरा दाखला डॅफ्नी दु मॉरिएच्या 'रेबेका'चा, 1938 सालचा. तरुण, बुजरी, जिचं नावही आपल्याला सांगितलं जात नाही अशी दुसरी बायको नवऱ्याच्या दिवंगत पहिल्या बायकोच्या सावलीत जगतेय. कलाटणी काय? नवरा कबूल करतो, की मी रेबेकावर कधी प्रेम केलं नाही, मीच तिला मारलं. ते ऐकताना या मुलीच्या मनात प्राधान्याने काय येतं? सुटका. त्याचं तिच्यावर प्रेम नव्हतं! खून बाजूला राहतो. आणि गंमत म्हणजे वाचकही तिच्याबरोबर सुटकेचा श्वास टाकतो. रेबेका वाईट होती याचा मुख्य साक्षीदार तिचा खुनी आहे, हे आपल्या ध्यानात नंतर येतं. काहींच्या येतही नाही.

हे दोन दाखले मनात ठेवून आता कॉलीन हूवरच्या 'व्हेरिटी'कडे येऊ. 2018 साली हूवरने ती स्वतःच प्रकाशित केली. लोवेन ही फारसं नाव नसलेली लेखिका. व्हेरिटी क्रॉफर्ड ही लोकप्रिय लेखिका अपघातानंतर अंथरुणाला खिळलीय, म्हणून तिची अर्धवट राहिलेली कादंबरीमाला पुरी करायला तिचा नवरा जेरेमी लोवेनला घरी आणतो. कागदपत्रं चाळताना लोवेनला व्हेरिटीचं गुप्त आत्मचरित्र सापडतं. त्यात व्हेरिटीने लिहिलंय, की आपल्या एका जुळ्या मुलीला मी तळ्यात बुडू दिलं. वाचताना अंगावर काटा येतो. इकडे लोवेन आणि जेरेमी जवळ येत जातात. शेवटी लोवेन ते हस्तलिखित जेरेमीला दाखवते, आणि दोघं मिळून व्हेरिटीला संपवतात, मृत्यू नैसर्गिक वाटेल अशा रीतीने.

प्रेमकथा पूर्ण. लोवेनला दिवस गेलेत. आणि मग तिला लाकडी फळीखाली व्हेरिटीचं पत्र सापडतं. पत्र म्हणतं, ते आत्मचरित्र खोटं होतं. खलनायिकेच्या मनात शिरण्याचा लेखनाचा सराव होता. जेरेमीने ते आधीच वाचलं होतं आणि मला मारायचा प्रयत्न केला होता. लोवेन काय करते? पत्र नष्ट करते.

यावर वाचकांत दोन तट पडतात. एक म्हणतो हस्तलिखित खरं, दुसरा म्हणतो पत्र खरं. या वादात माझ्या मते मुद्दा हुकतो. व्हेरिटी या नावाचा अर्थच सत्य, पण सत्य कोणतं हे पुस्तक सांगत नाही आणि सांगणारही नाही. विचारायचा प्रश्न वेगळा आहे: पत्र सापडेपर्यंत आपण हस्तलिखितावर इतका सहज विश्वास का ठेवला? कारण आपल्याला लोवेन आणि जेरेमी एकत्र यायला हवे होते. प्रेमकादंबरीच्या कराराने आपल्याला शिकवलंय, की नायक मुळात चांगला असतो. तो चांगला ठरायचा तर बायको राक्षसीण ठरायला हवी. पुरावा आपण तपासलाच नाही. तो सोयीचा होता. 'रेबेका'त जी सुटका वाटली तीच इथे वाटते, फक्त हूवर शेवटी त्या सुटकेचं बिल आपल्या हातात ठेवते. म्हणून हे पुस्तक भडक असलं, काही जागी ओंगळ असलं, तरी मी ते टाकाऊ मानत नाही. त्याची मर्यादाही स्पष्ट आहे. व्हेरिटीला बोलायला मिळतं ते दोनदा, दोन्ही वेळा कागदावर, आणि दुसऱ्यांदा तर मेल्यावर. जिवंत व्हेरिटी शेजारच्या खोलीत पडून आहे, तिच्याकडे लेखिका आपल्याला जाऊ देत नाही. ती तिथे गेली असती तर कलाटणी उरली नसती.

आता याच्या अगदी उलट स्वभावाचं पुस्तक. बेथ ओलिअरीची 'द नो-शो', 2022. तीन नायिका आणि व्हॅलेंटाइन डे. शिवॉन नाश्त्याला वाट बघतेय, मिरांडा दुपारच्या जेवणाला, जेन संध्याकाळी एका साखरपुड्याच्या समारंभात. शिवॉन लोकांना आयुष्याचे सल्ले देणारी, मिरांडा झाडांवर चढून फांद्या छाटण्याचं काम करणारी, जेन विंचेस्टरच्या एका धर्मादाय दुकानात राबणारी. तिघींचा पुरुष एकच, जोसेफ कार्टर, आणि तो कुठेच पोचत नाही. आपण लगेच निकाल देतो: लबाड आहे, तिघींना फिरवतोय. मग आपल्याला वाटायला लागतं, यातल्या दोघी हरणार.

आणि कळतं काय? तिघींचा तो दिवस एकाच वर्षातला नाही! सकाळ, दुपार, संध्याकाळ हा क्रम आपण जोडला. लेखिका खोटं बोललेली नाही, तिने साल तेवढं सांगितलं नाही. ज्या बायकांना आपण एकमेकींसमोर उभं केलं, त्या एका जागेसाठी कधी भांडतच नव्हत्या. मला ही कलाटणी 'व्हेरिटी'पेक्षा मोठी वाटते. तिच्यात कुणाला राक्षसीण व्हावं लागत नाही. खोटा ठरतो तो आपला अंदाज. तरी एक तक्रार आहेच. तीन बायकांची तीन आयुष्यं वाचून शेवटी कोडं सुटतं ते एका पुरुषाचं, आणि निर्दोष सुटतो तोही पुरुषच.

आता कुणी म्हणेल, करमणुकीच्या पुस्तकांकडून एवढी अपेक्षा कशाला? मला वाटतं करमणुकीच्या पुस्तकांकडूनच करावी. गंभीर कादंबरी आपण सावध बसून वाचतो. ही पुस्तकं आपण लोळत, लोकलमध्ये, रात्री एक वाजेपर्यंत वाचतो. सवयी लागतात त्या इथे. कुठल्या बाईवर पटकन विश्वास ठेवायचा आणि कुठलीला ऐकून न घेताच कजाग ठरवायचं, याचा सराव इथे होतो. घरात, नात्यात, कचेरीत एखाद्याच्या 'पहिल्या बायको'बद्दल आपण जे ऐकतो ते बहुधा कुणाकडून ऐकतो? एवढंच आठवून बघा.

मराठी वाचकाला हे घर तसं ओळखीचं आहे. वि. स. खांडेकरांची 'ययाति' 1959 सालची. तिला ज्ञानपीठ मिळालं. ती ययाति, देवयानी आणि शर्मिष्ठा अशा तिघांच्या तोंडून सांगितलेली आहे. दोन नायिका, दोघींना स्वतःचा आवाज. पण तिथे कलाटणीचा प्रश्नच नाही, कारण महाभारतातली गोष्ट सगळ्यांना माहीत. शाप मिळणार, पुरू वार्धक्य घेणार, हे पहिल्या पानाआधीच ठाऊक. तरी आपण पानं उलटतो. का? काय होणार यासाठी नव्हे, हिला ते कसं दिसलं यासाठी. खांडेकरांचा ओढा शर्मिष्ठेकडे आहे हे लपत नाही. देवयानीच्या वाट्याला अहंकार जास्त आलाय. पण ती स्वतः बोलते, तिचा अपमान ती स्वतः सांगते. म्हणून खांडेकरांशी असहमत व्हायची सोय वाचकाला त्यांच्याच पुस्तकात मिळते. बर्थाच्या वाचकाला ती मिळत नाही.

तेव्हा माझी कसोटी एवढीच. पुस्तक संपलं, धक्का बसून गेला, की पहिल्या पानावर परत जायचं आणि या वेळी दुसरीच्या बाजूने वाचायचं. तिचा राग, तिचं गप्प राहणं यांना त्या पानांत जागा आहे का? असेल तर कलाटणीने गोष्टीला खरंच वळवलं. नसेल, ती बाई फक्त शेवटच्या धक्क्यासाठी ठेवलेली फळी असेल, तर ते पुस्तक दुसऱ्या वाचनात कोसळतं. 'समथिंग बॉरोड' एकटी वाचली तर कोसळते, जोडीने वाचली तर उभी राहते. 'द नो-शो' उभी राहते. 'व्हेरिटी'बद्दल मी आज निकाल देत नाही. तुमच्यापैकी ज्यांनी ती एकदाच वाचली असेल त्यांनी पत्रापासून सुरुवात करावी आणि मग पहिलं प्रकरण काढावं. लोवेन त्या घरात पाऊल टाकते तेव्हा वरच्या खोलीत कोण पडलंय, हे या वेळी विसरू नका.

थांबते.