रूढी आणि प्रयोजन : एका गोळीच्या नामांतराचा विचार

व्यापारी मालाच्या नावांकडे आपल्या अभ्यासकांचे लक्ष क्वचितच जाते. ग्रामनामे, नद्यांची नावे, आडनावे यांच्या व्युत्पत्तीवर पुष्कळ लिहिले गेले आहे. परंतु दुकानाच्या फळीवर जन्मलेले नाव अल्पायुषी आणि म्हणून उपेक्षणीय, अशी समजूत आहे. वस्तुतः अर्थविचाराच्या दृष्टीने अशा नावांची एक मोठी सोय असते. त्यांचा जन्म, त्यांचे लोकव्यवहारात रुळणे आणि कित्येकदा त्यांचा अंतही सनावारी सांगता येतो. लक्षणेच्या सिद्धान्ताची परीक्षा पाहावयास याहून स्वच्छ साधन मिळणे कठीण. प्रस्तुत लेखात असे एक उदाहरण घेतले आहे : ब्रिटनमध्ये १९६० साली 'ओपल फ्रूट्स' या नावाने विक्रीस आलेली आणि १९९८ साली 'स्टारबर्स्ट' झालेली, फळांच्या स्वादाची चघळावयाची गोळी.

या गोळीचा जन्म समजण्यासाठी थोडे मागे जावे लागते. महायुद्धात, १९४२ च्या जुलैपासून, ब्रिटनमध्ये गोळ्या व चॉकलेट यांवर रेशन आले. १९४९ च्या एप्रिलमध्ये ते उठविण्यात आले. तथापि मागणी अशी उसळली की त्याच वर्षीच्या ऑगस्टमध्ये ते पुन्हा लादावे लागले. अखेर ५ फेब्रुवारी १९५३ रोजी ते कायमचे गेले. लंडनजवळच्या स्लाऊ येथे १९३२ पासून व्यवसाय करणाऱ्या मार्स कंपनीने या टंचाईच्या काळातच, १९५० साली, 'स्पँगल्स' नावाच्या कडक गोळ्या काढल्या होत्या. 'स्पँगल' म्हणजे वस्त्रावरील चमकती टिकली. दहा वर्षांनी त्याच कंपनीने मऊ, चघळावयाची गोळी काढली व तिला रत्नाचे नाव दिले. हे नाव एका स्पर्धेतून आले आणि विजेत्यास पाच पौंड मिळाले, असे सांगितले जाते. टंचाईतून नुकत्याच बाहेर पडलेल्या समाजात मिठाईला टिकलीचे आणि रत्नाचे नाव मिळावे, यात नवल नाही. जे दुर्मीळ होते ते तेजस्वी वाटणे हा मनाचा धर्मच आहे.

मूळच्या गोळीचे स्वाद चार होते : स्ट्रॉबेरी, लिंबू, संत्रे आणि 'लाइम' हे हिरवे लिंबू. अशा गोळीसाठी साखर व ग्लुकोजचा पाक स्निग्ध पदार्थासह आटवितात, निवू देतात, आणि मग तो गोळा यंत्राने पुनःपुन्हा ओढतात. ओढण्याने त्यात हवा मिसळते आणि त्याला चिवट मऊपणा येतो. आंबटपणा येतो तो सायट्रिक आम्लामुळे, आणि आम्ल जिभेला लागताच लाळ सुटते. जाहिरातीने नेमका हाच धागा पकडला. तोंडाला पाणी सुटावे यासाठीच ही गोळी केली आहे, असे तिचे घोषवाक्य होते. त्याच्या इंग्रजी शब्दांत ओष्ठ्य मकाराचा अनुप्रास होता. तो उच्चारताना ओठ मिटत व उघडत, म्हणजे चघळण्याची क्रिया उच्चारातच होऊन जाई.

आता नावाचा विचार करू. 'ओपल' हा शब्द इंग्रजीत लॅटिनमधून आला, आणि त्याचे मूळ बहुधा संस्कृत 'उपल' हे असावे असे कोशकार मानतात. 'उपल' म्हणजे दगड, तसेच रत्नही. आणि 'उपला' या स्त्रीलिंगी शब्दाचा 'शर्करा' असाही एक अर्थ संस्कृत कोशांत नोंदलेला आहे. 'शर्करा' या शब्दाची वाटचाल अशीच आहे : आधी वाळू-खडे, मग साखर, तेथून अरबीत 'सुक्कर' आणि पुढे इंग्रजीत 'शुगर'. इंग्रजी 'कँडी' हाही 'खण्ड' याचाच वंशज. आपली खडीसाखर तर खड्याची आठवण अद्याप उघडपणे बाळगून आहे. तेव्हा गोड पदार्थाला दगडाचे नाव देणे ही फार जुनी चाल होय. अर्थात पाच पौंड मिळविणाऱ्याला हे ठाऊक होते, असे म्हणण्यास आधार नाही. हा योगायोग आहे, आणि योगायोगावर सिद्धान्त उभारू नये. 'ओपल फ्रूट्स'चा अर्थ व्युत्पत्तीने ठरला नाही. तो वापराने ठरला. तो कसा ठरला हाच खरा प्रश्न आहे.

मम्मटाच्या मते लक्षणेला तीन गोष्टी लागतात : मुख्यार्थाचा बाध, मुख्यार्थाशी संबंध, आणि रूढी किंवा प्रयोजन यांपैकी एक. प्रयोजनाचे त्याचे उदाहरण गंगेवरच्या गौळवाड्याचे : वाडा प्रवाहावर नसतो, काठावर असतो, परंतु 'गंगेवर' म्हटल्याने शैत्य व पावित्र्य सूचित होते. रूढीचे उदाहरण 'कुशल' या शब्दाचे : मूळ अर्थ दर्भ खुडणारा, रूढ अर्थ निपुण. १९६० साली 'ओपल फ्रूट्स' ही प्रयोजनवती लक्षणा होती. गोळी रत्न नव्हे आणि फळही नव्हे, म्हणून मुख्यार्थाचा बाध. रंगांचा खेळ व स्वाद हा संबंध. आणि मौल्यवानपणा व ताजेपणा सुचविणे हे प्रयोजन. परंतु दहा-पंधरा वर्षांनी ब्रिटनमधील मुलाने दुकानदाराकडे हे नाव उच्चारले, तेव्हा त्याच्या मनात रत्न नव्हते, फळही नव्हते. फक्त ती गोळी होती. प्रयोजन झिजून गेले होते, रूढी उरली होती. आपल्याकडे कोणत्याही वनस्पती तुपाला 'डालडा' म्हणत किंवा कागदात गुंडाळलेल्या कोणत्याही गोळीला मुले 'चॉकलेट' म्हणतात, तेव्हा हेच घडते. यावरून असे दिसते की रूढी आणि प्रयोजन हे लक्षणेचे दोन प्रकार मानण्यापेक्षा एकाच शब्दाच्या आयुष्यातील दोन अवस्था मानणे अधिक सयुक्तिक ठरेल.

दरम्यान १९६७ साली हीच गोळी अमेरिकेत गेली आणि तेथे ती 'स्टारबर्स्ट' झाली. 'ताऱ्याचा स्फोट' हे नाव वस्तूचे नसून घटनेचे आहे. 'ओपल'मध्ये प्रकाश स्थिर असतो, दगडाच्या आत वसतो; 'स्टारबर्स्ट'मध्ये तो फुटून पसरतो. पहिले नाव गोळी हातात असतानाचे आहे, दुसरे ती तोंडात गेल्यानंतरचे. काव्यदृष्ट्या दुसरे नाव हीन आहे असे म्हणवत नाही. जिभेवर आंबटपणा एकदम पसरतो, त्याचे ते समर्पक रूपक आहे. मात्र त्यातून 'फळ' गेले. पहिल्या नावात निदान फळाचा दावा तरी होता. दुसऱ्यात केवळ परिणामाचे आश्वासन आहे.

१९९८ साली कंपनीने ब्रिटनमध्येही हेच नाव लागू केले. १९९० साली 'मॅरेथॉन' या चॉकलेटचे 'स्निकर्स' करण्यात आले होते, त्याच धोरणाचा हा पुढचा टप्पा. एक माल, एक नाव, सर्व देशांत एक जाहिरात, हा त्यामागील हिशेब. ब्रिटिश ग्राहकांना तो रुचला नाही, आणि जुने नाव मोठ्यांच्या बोलण्यात टिकून राहिले. वस्तू तीच, मग नावाचा एवढा आग्रह कशाला, असे कोणी म्हणेल. येथे विश्वनाथाने 'साहित्यदर्पणा'त मम्मटावर घेतलेला आक्षेप उपयोगी पडतो. व्युत्पत्तीने मिळणारा अर्थ वेगळा आणि व्यवहारात प्रवृत्त होणारा अर्थ वेगळा; 'कुशल'चा मुख्यार्थ निपुण हाच होय, तेथे लक्षणा मानण्याचे कारण नाही. अन्यथा 'गौ' हा शब्द गमनवाचक धातूपासून आला म्हणून 'गाय निजली आहे' या वाक्यातही लक्षणा मानावी लागेल. हा न्याय लावला तर १९९८ पर्यंत 'ओपल फ्रूट्स'चा वाच्यार्थच ती गोळी झाला होता. कंपनीने बदलले ते केवळ वेष्टनावरील अक्षर नव्हे. एका भाषिक समाजाने अडतीस वर्षांत घडविलेला संकेत तिने मोडला. नावाची कायदेशीर मालकी तिची होती, परंतु संकेताची नव्हती.

तथापि उलट बाजूही मांडली पाहिजे. अमेरिकेत 'स्टारबर्स्ट' या नावानेही आपली रूढी निर्माण केली आहे. तेथे खाणारे स्वादाऐवजी रंगानेच गोळ्या ओळखतात, आणि स्ट्रॉबेरीच्या गुलाबी गोळीची आवड इतकी प्रसिद्ध झाली की २०१७ साली कंपनीने केवळ गुलाबी गोळ्यांची पाकिटे काढली. ब्रिटनमध्येही १९९८ नंतर वाढलेल्या पिढीला नवे नावच स्वाभाविक आहे. म्हणून जुने नाव खरे व नवे खोटे, असा निवाडा देता येत नाही.

खरी कसोटी पुढे लागली. २००८ साली आस्डा या दुकानमालिकेत आणि पुन्हा २०२० साली, 'ओपल फ्रूट्स' हे नाव मर्यादित काळापुरते परत आणण्यात आले. ग्राहकांचा हा विजय समजला गेला. माझ्या मते तो तसा नाही. परत आलेले नाव पूर्वीचे राहिले नव्हते. पूर्वी ते गोळीचा बोध करून देई. आता ते गतकाळाचा बोध करून देते, आणि त्या बोधासाठीच त्याची विक्री होते. जी रूढी होती तीच प्रयोजन झाली. शब्द आज्ञेने काढून टाकता येतो, परंतु आज्ञेने पूर्ववत करता येत नाही, हा या नामांतराचा निष्कर्ष होय.

मराठी कोशकार्यालाही यातून एक सूचना मिळते. 'डालडा'सारख्या शब्दांची नोंद करताना केवळ अर्थ देऊन भागणार नाही. ते नाव मालाचे केव्हा होते, जातिवाचक केव्हा झाले आणि आठवणीपुरते केव्हा उरले, या तिन्ही अवस्था सनावारी नोंदविल्या पाहिजेत. तसे झाल्यास लक्षणेची चर्चा ठराविक उदाहरणांच्या चौकटीतून बाहेर येईल.