नऊ नाण्यांचा वाद

आर्जेंटिनाचे प्रख्यात लेखक होर्हे लुइस बोर्हेस यांची ‘ट्लोन, उक्बार, ऑर्बिस टर्टियस’ ही कथा १९४० सालीं ब्वेनोस आयरेस येथील ‘सुर’ या मासिकांत प्रथम प्रसिद्ध झाली. कांहीं विद्वान गुप्तपणें एकत्र येऊन ट्लोन नांवाचें एक अख्खें जग रचितात आणि त्याचा ४० खंडांचा ज्ञानकोश सिद्ध करितात, असें तिचें कथानक आहे. कल्पित जग रचणारे लेखक बहुधा तेथील पर्वत, पशु व राजे यांच्या वर्णनांत रमतात. बोर्हेस यांनीं मुख्यतः तेथील दर्शन रचलें, आणि तेंहि वादी-प्रतिवादींसह. हा सारा बुद्धीचा विलास आहे, असें पुष्कळांचें मत आहे. आम्हांस तें मान्य नाहीं.

ट्लोनचे लोक जन्मतःच विज्ञानवादी आहेत. जग म्हणजे अवकाशांत नांदणाऱ्या पदार्थांचा समुदाय नसून एकामागून एक येणाऱ्या मानसिक अवस्थांची मालिका होय, असें ते मानितात. त्यांच्या दक्षिण गोलार्धांतील भाषांत नामेंच नाहींत. चंद्राला शब्द नाहीं, चंद्र उगवण्याच्या क्रियेला मात्र आहे. आयरिश तत्त्ववेत्ते बर्कले यांनीं १७१० सालीं जें मत मांडलें, तें येथें पोरासोरांनाहि ठाऊक आहे. तेथील पंडित सत्य शोधीत नाहींत, विस्मय शोधितात. तत्त्वज्ञान ही त्यांच्या मतें अद्भुत वाङ्मयाचीच एक शाखा होय. पाखंड म्हणावयाचें तर तें एकच : जडवाद.

असाच एक पाखंडी पुढील दृष्टान्त देतो. मंगळवारीं क्ष याचीं तांब्याचीं ९ नाणीं निर्जन वाटेवर हरवतात. गुरुवारीं य याला त्या वाटेवर ४ सांपडतात; बुधवारच्या पावसानें तीं थोडीं गंजलेलीं असतात. शुक्रवारीं ज्ञ याला ३ सांपडतात, आणि त्याच दिवशीं सकाळीं क्ष याला आपल्या घरांत २ मिळतात. मधल्या काळांत कोणी पाहत नसतांहि नाणीं होतींच, एवढेंच त्या पाखंड्याला सिद्ध करावयाचें आहे. पंडितांचा आक्षेप असा कीं, ‘हरवणें’ व ‘सांपडणें’ हे शब्दच साध्य गृहीत धरितात. ९ माणसांना ९ रात्रीं तीव्र वेदना झाली, तर ती एकच वेदना असें म्हणाल काय, असें ते विचारितात. शंभर वर्षांनीं दुसरा एक विचारवंत तोड काढतो : द्रष्टा एकच आहे, क्ष, य आणि ज्ञ हे भिन्न नव्हेतच. हेंच मत ट्लोनमध्यें विजयी होतें.

आपल्या वाचकांना ही वाट ओळखीची वाटेल. वसुबंधूचा विज्ञानवाद, बौद्धांचा क्षणिकवाद आणि ब्रह्मसूत्रभाष्याच्या दुसऱ्या अध्यायांत शंकराचार्यांनीं केलेलें त्यांचें खंडन, हें सारें डोळ्यांपुढें येतें. ज्यानें काल पाहिलें त्यालाच आज स्मरण होतें, हा आचार्यांचा मुद्दा तर नाण्यांच्या वादाला नेमका लागू पडतो. परंतु साम्य येथेंच संपतें. आचार्य अद्वैत सांगतांनाहि व्यावहारिक सत्ता राखून ठेवितात. ब्रह्मज्ञान होईपर्यंत घट हा घटच, आणि ऋण हें ऋणच. ट्लोनच्या दर्शनांत ही मधली पायरी नाहीं. म्हणूनच एवढ्या वादांत एक साधा प्रश्न कोणीहि विचारीत नाहीं : तीं नाणीं कोणाचीं? य यानें तीं ४ नाणीं क्ष याला परत करावयाचीं कीं नाहीं? कालचें नाणें आज तेंच नसेल, किंवा क्ष आणि य एकच असतील, तर कोणाचें कांहीं हरवलेंच नाहीं. मग वचन, कर्ज आणि अपराध हे शब्दहि भाषेंतून गेले म्हणावयाचे.

कथेच्या शेवटीं हें दर्शन आपल्या जगांत शिरतें. शाळांतून ट्लोनचा सुसंगत इतिहास शिकविला जातो, आणि लोकांना स्वतःच्या भूतकाळाचा विसर पडतो. महायुद्ध पेटलें असतां लिहिलेल्या या कथेंत बोर्हेस यांनीं नाझीवादाचें नांव स्पष्ट घेतलें आहे : कोणतीहि बांधेसूद रचना दिसली कीं मनुष्य तिच्यापुढें मान तुकवितो. सुसंगति हाच ज्या मताचा एकमेव गुण, तें मत माणसांचीं देणीं सहज पुसून टाकूं शकतें.

कथेंत दोष नाहीं असें नव्हे. क्ष, य, ज्ञ हीं अक्षरेंच राहतात. ज्याचे पैसे गेले त्याची हळहळ वाचकाला कोठेंच जाणवत नाहीं. लेखकाच्या कोरड्या विनोदानें कित्येक वाचक चकतील आणि पंडितांच्या चातुर्यावरच लुब्ध होतील. तथापि कल्पित दर्शनांतहि दोष दाखवावासा वाटावा, आणि तो दाखवितांना आपल्या रोजच्या देवाणघेवाणीचा पाया पुन्हा तपासावा लागावा, हें सामर्थ्य थोड्या कथांत असतें. कोणतेंहि नवें मत मोठ्या डौलानें पुढें आलें, तर त्यांत त्या वाटसरूचीं नऊ नाणीं त्याला परत मिळतात काय, हें वाचकांनीं प्रथम पाहावें, असें आम्हांस वाटतें.