खांडवदाह आणि दळी : ‘युगान्ता’तील एका अन्वयाविषयी

डॉ. इरावती कर्वे यांच्या ‘युगान्त’ (१९६७) या ग्रंथातील ‘मयसभा’ हे प्रकरण प्रसिद्ध झाल्यापासून खांडवदाहाकडे पाहण्याची मराठी अभ्यासकांची दृष्टी बदलली, असे म्हणावयास हरकत नाही. तोपर्यंत हा प्रसंग अर्जुनाच्या शस्त्रप्राप्तीची पूर्वपीठिका म्हणून वाचला जात असे. कर्वे यांनी प्रथमच त्यात जळणाऱ्यांकडे लक्ष वेधले. त्यांच्या विवेचनात दोन विधाने एकमेकांत गुंतलेली आहेत. पहिले असे की, अग्नीची क्षुधा हे रूपक असून वस्तुतः येथे शेती व वसाहत यांसाठी रान जाळून भूमी मोकळी करण्यात आली. दुसरे असे की, त्या रानातील नागांचा, म्हणजे तेथील मूळ रहिवाशांचा, जाणूनबुजून उच्छेद करण्यात आला. ही दोन विधाने निराळी करून तपासली पाहिजेत, कारण त्यांचे पुरावे निराळे आहेत. दुसरे टिकते, पहिले टिकणे कठीण आहे, असे प्रस्तुत लेखकास वाटते.

प्रथम आदिपर्वातील घटनाक्रम पाहावा. धृतराष्ट्राने पांडवांना खांडवप्रस्थ दिले, तेथे इंद्रप्रस्थ नगर उभे राहिले. अर्जुनाचा वनवास व सुभद्राहरण झाले, अभिमन्यू जन्मास आला. त्यानंतर यमुनातीरी क्रीडेसाठी गेलेल्या कृष्णार्जुनांपुढे ब्राह्मणवेषधारी अग्नी येऊन उभा राहतो. म्हणजे नगर आधीचे आहे, दाह नंतरचा आहे. दाहातून पांडवपक्षास काय मिळाले, याचाही हिशेब संहितेत स्पष्ट आहे : गांडीव, अक्षय भाते, कपिध्वज रथ, कृष्णाचे चक्र, आणि पुढे सभापर्वात मयाने चौदा महिन्यांहून अधिक काळ खपून उभारलेली सभा. जळालेल्या भूमीवर नांगर फिरला, बी पडले, गावे वसली, यांपैकी एका गोष्टीचाही उल्लेख नाही.

मौनावरून फार काही सिद्ध होत नाही, हा आक्षेप येथे कोणी घेईल. परंतु भूमी कृषियोग्य झाल्याचे सांगावयाचे असेल तेव्हा प्राचीन ग्रंथ ते सांगतात. शतपथ ब्राह्मणातील विदेघ माथवाच्या कथेत अग्नी सरस्वतीपासून पूर्वेकडे जाळीत जातो व सदानीरेपाशी थांबतो; त्या नदीपलीकडची दलदलीची भूमी पूर्वी निवासास अयोग्य होती आणि पुढे ती शेतीस योग्य झाली, असे तेथे उघडच म्हटले आहे. दामोदर धर्मानंद कोसंबी यांनी या कथेवरून रान जाळून होणाऱ्या वसाहतीचा जो विचार मांडला, त्याला म्हणूनच शब्दाचा आधार आहे. खांडवाच्या बाबतीत तसा आधार नाही. महाभारताचा श्रोता संपत्ती मोजतो ती गायी, सुवर्ण, रथ आणि दासी यांत. दुर्योधन द्वैतवनात जातो तो गोधनाची मोजदाद करण्याच्या निमित्ताने. विराटाच्या राज्यावर धाड पडते तीही गायींसाठी. अशा समाजात रान जाळले गेले असेल, तर ते नांगरापेक्षा कुरणासाठी जाळले गेले असणे अधिक संभवनीय. अर्थात कुरणाचाही उल्लेख संहितेत नाही, हे लक्षात ठेवावे.

येथे ग्रंथाबाहेरच्या एका पुराव्याचा विचार उपयोगी पडेल. खेतीसाठी अग्नी कसा वापरतात हे पाहावयास महाराष्ट्राच्या अभ्यासकास दूर जावे लागत नाही. रायगड जिल्ह्याच्या अंतर्भागात, महाडजवळील तुडीलसारख्या गावांपासून पोलादपूरच्या डोंगरांपर्यंतचा प्रदेश भात आणि नाचणीवर जगत आलेला आहे. भाताचे रोप तयार करण्यासाठी तेथे राब भाजण्याची रीत परंपरेने चालत आली. शेण, झाडांचा टाहाळ, पातेरा व गवत यांचे थर जमिनीवर पसरून वर माती टाकावयाची आणि पावसाळ्यापूर्वी ते सावकाश जाळावयाचे. टाहाळ फांद्यांचा घेतला जातो, झाड उभे राहते. कुलाबा जिल्ह्याच्या डोंगरउतारांवर कातकरी व ठाकूर दळी करीत. उतारावरील झुडपे तोडून जाळावयाची, राखेत नाचणी-वरी पेरावयाची, दोन-तीन वर्षांनी ती जागा सोडून दुसरीकडे जावयाचे व पहिल्या जागी रान पुन्हा वाढू द्यावयाचे, असा तिचा क्रम असे.

या दोन्ही रीतींत विस्तव आवरून धरलेला असतो. मुख्य म्हणजे रानातून पळणारा ससा वा डुक्कर हा जाळणाऱ्याच्या वाटेतला अडथळा नव्हे. तो पळाला तर काम सोपेच होते. खांडवात याच्या अगदी उलट घडते. कृष्ण आणि अर्जुन रथांतून वनाच्या दोन्ही बाजूंना फिरत राहतात आणि बाहेर येणाऱ्या प्रत्येक प्राण्याला मारतात. तक्षकाची पत्नी आपल्या पुत्रास गिळून वाचवू पाहते, तर अर्जुन तिचा शिरच्छेद करतो. इंद्राचा पाऊसही बाणांनी अडविला जातो. केवळ भूमी हवी असती तर एवढा खटाटोप निष्प्रयोजन ठरतो. सर्वांना का मारले, हा प्रश्न कर्वे यांनीही विचारला आहे, आणि त्या भूमीवर हक्क सांगणारे कोणी उरू नये म्हणून, हे त्यांचे उत्तर संहितेतील तपशिलाशी जुळते. मात्र ते मान्य केले की पहिले विधान दुबळे होते. वेढा हे शेतीचे साधन नव्हे. तो युद्धाचा, फार तर मृगयेचा प्रकार आहे.

‘कृषक विरुद्ध वनवासी’ ही जी जोडी या अन्वयातून रूढ झाली, तिच्याबद्दलही सावध राहिले पाहिजे. कोकणच्या डोंगरांत विस्तव हे वनवासीयांचेच साधन होते. त्यांची भूमी गेली ती कोणी रान जाळल्यामुळे नव्हे, तर जाळण्यास मनाई झाल्यामुळे. १८७८ च्या वन कायद्यानंतर राखीव जंगले ठरली आणि दळीला सरकारी परवानगीने दिलेल्या तुकड्यांपुरताच वाव उरला. ठाणे व कुलाबा जिल्ह्यांतील जंगलविषयक तक्रारींच्या चौकशीसाठी १८८५ साली जो आयोग नेमला गेला, त्याच्यापुढे राब हा प्रमुख विषयांपैकी एक होता. २००६ च्या वनहक्क कायद्याखाली रायगडमध्ये दळी जमिनींचे दावे झाले, ते याच इतिहासाचे शेष होत. प्राचीन काव्यावर अर्वाचीन प्रसंगाचे आरोपण करावे, असा येथे आशय नाही. पण अग्नी म्हणजे कृषक आणि अरण्य म्हणजे वनवासी हे समीकरण स्वयंसिद्ध मानता येत नाही, एवढे यावरून दिसते. रान कोणाचे आणि ते जाळण्याचा अधिकार कोणाचा, हा प्रश्न त्याच्या मुळाशी आहे. खांडवातही अग्नी एकट्याच्या बळावर जाळू शकत नाही. त्याला इंद्राविरुद्ध शस्त्रधारी सहायक लागतात.

वाचले कोण, हे पाहिले म्हणजे त्या समाजाची मूल्यदृष्टी अधिक स्पष्ट होते. मातेच्या प्राणांच्या मोलाने सुटलेला अश्वसेन सोडला, तर उरलेल्या पाचांना अभय मिळालेले आहे. मय हा शिल्पज्ञ. त्याचा उपयोग होता व तो पुढे करून घेतला गेला. बाकी चार शार्ङ्गक पक्षी, मंदपाल ऋषीचे पुत्र. ते अग्नीची स्तुती करतात आणि त्यांतील द्रोण ब्रह्मवादी असल्याचे ओळखून अग्नी त्यांना सोडतो. ऋग्वेदाच्या दहाव्या मंडलातील १४२ वे सूक्त अनुक्रमणीत याच शार्ङ्गांच्या नावे दिले आहे, यावरून ही कथा सूक्तपरंपरेशी कशी जोडली गेली ते कळते. ज्याला सूक्त येते आणि ज्याला सभा बांधता येते, तो वाचतो. सुटका होताच द्रोण अग्नीला विनवितो की, आम्हाला नित्य त्रास देणारी मांजरे तेवढी जाळून टाक. आणि अग्नी तसे करतो. कवीने हे विनोदाने लिहिले की सहजभावाने, याचा निर्णय वाचकाने करावा. आश्रय मिळालेल्यांनी आपले जुने वैरी जाळून घ्यावेत, हा तपशील कर्वे यांच्या विवेचनात यावयास हवा होता असे वाटते. त्यांच्याच मताला त्याने पुष्टी मिळाली असती.

आता पाठाचा प्रश्न. अग्नीला खांडव का हवे होते, याचे सर्वपरिचित उत्तर श्वेतकी राजाच्या कथेत आहे. त्याच्या दीर्घ सत्रातील अखंड घृतधारेने अग्नीला अजीर्ण झाले, त्यावर खांडवातील प्राण्यांची वसा हा उपाय सांगितला गेला. ही कथा नीलकंठाने टीकेसाठी स्वीकारलेल्या प्रचलित पाठात आहे. विष्णु सीताराम सुखठणकर यांनी संपादिलेल्या भांडारकर संस्थेच्या आदिपर्वाच्या चिकित्सक आवृत्तीत (१९३३ मध्ये पूर्ण) ती मूळ संहितेत न राहता परिशिष्टात गेली आहे. संहितेतील अग्नी फक्त भुकेला आहे आणि हे रान आपले अन्न आहे, एवढेच सांगतो. म्हणजे मागाहूनच्या कोणा पाठकाला ही निष्कारण भूक असह्य झाली आणि त्याने तिला यज्ञातले, वैद्यकातले कारण पुरविले. महाकाव्य ज्या समाजाचे प्रतिबिंब दाखविते तो एक समाज नव्हे. जाळणारा एक, जाळल्याचे गाणारा दुसरा, आणि ते ऐकून कारण मागणारा तिसरा. कर्वे यांनी पहिल्याकडे पाहिले. तिसऱ्याची नोंद पाठभेदांत पडून आहे आणि तिकडे आपल्या विभागांतील विद्यार्थी क्वचितच वळतात. (आदिपर्वाचा पहिला खंड १९२७ साली बाहेर पडला. त्याच वर्षाच्या २५ डिसेंबरला महाडला मनुस्मृतीचे दहन झाले. प्राचीन ग्रंथ आणि समाज यांच्या नात्याची चिकित्सा त्या वर्षी पुण्यात एका प्रकारे चालली होती, महाडात दुसऱ्या.)

दुसऱ्या श्रोत्याचाही विसर पडू नये. ही कथा वैशंपायन जनमेजयाला सांगतो ती सर्पसत्रात, म्हणजे नागांसाठीच पेटविलेल्या दुसऱ्या अग्नीच्या सान्निध्यात. जनमेजयाच्या पित्याला तक्षकाने मारलेले आहे. पणजोबाने तक्षकाचे घर जाळले, हे पणतू तेथे बसून ऐकतो. खांडव जळाले तेव्हा तक्षक कुरुक्षेत्री गेला होता, म्हणून सुटला. सत्रात तो आस्तीकाने मागितलेल्या वरामुळे सुटतो. दोन्ही अग्नींतून वाचतो तो ज्याच्यासाठी ते पेटले तोच.