दस्तऐवज आणि शियाजचे घर

उर्दूत माहितीपटाला दस्तावेजी फिल्म म्हणतात. मराठीतला दस्तऐवज तोच. तलाठ्याकडचा, तहसीलमधला, शाळेच्या दाखल्यावरचा. हदगावात उर्दू माध्यमाच्या वर्गावर शिकवताना आम्ही पाहतो, दाखल्यावर 'शेख' नावाआधी लागले की नंतर, एवढ्यावरून पालकांचा जीव खालीवर होतो. त्यामुळे पायल कपाडिया यांचे दोन चित्रपट आम्हाला परके वाटले नाहीत.

पुण्याच्या फिल्म इन्स्टिट्यूटमध्ये शिकलेल्या या दिग्दर्शिकेने २०२१ साली 'अ नाइट ऑफ नोइंग नथिंग' केला. कान महोत्सवात तो सर्वोत्कृष्ट माहितीपट ठरला. पण त्याचा कणा आहे बनावट! 'एल' नावाच्या विद्यार्थिनीची वसतिगृहात सापडलेली प्रेमपत्रे कल्पित आहेत. जात आड आल्याने प्रियकर दुरावलेला. चित्रे मात्र खरी: २०१५ चा इन्स्टिट्यूटमधला १३९ दिवसांचा संप, देशभरातली आंदोलने. आणि डिसेंबर २०१९ मधले जामिया मिल्लियाच्या वाचनालयाचे सीसीटीव्ही चित्रण. विद्यार्थ्यांवर लाठ्या पडतात ते दृश्य भिंतीवरच्या यंत्राने टिपलेले आहे. तिथे अफसान्याची गरजच उरत नाही. आम्ही ते दोनदा थांबवून पाहिले. वाचनालयात बसलेले मूल म्हणजे कोणत्याही शिक्षकाला आपलेच मूल.

'ऑल वी इमॅजिन अ‍ॅज लाइट' (२०२४) हा कथापट. त्याला कानचे ग्रां प्री मिळाले. तो सुरू होतो माहितीपटासारखा. बाजार, लोकल, आणि त्यावर मुंबईत पोटासाठी आलेल्यांचे आवाज. कोण बोलतो ते दिसत नाही. छाया कदम यांनी साकारलेली पार्वती ही कोकणची विधवा, इस्पितळात स्वयंपाक करते. वर्षानुवर्षे राहत्या घराचा एक कागद तिच्याजवळ नाही, म्हणून बिल्डर तिला उठवू पाहतो. कागदाची ही धास्ती फक्त आपल्याच मोहल्ल्याची नाही, हे पार्वतीने आम्हाला शिकवले.

याच चित्रपटात अनू ही मल्याळी हिंदू परिचारिका शियाजवर प्रेम करते. त्याच्या घरी जाण्यासाठी बुरखा विकत घेते. पावसाने बेत फसतो. आमच्या एका सहकारी बाईंना बुरख्याचा हा वेषांतरासारखा वापर खटकला. आम्हाला नाही खटकला. त्या वस्तीत शिरायला अनूपाशी दुसरा परवाना कोणता होता? आमची तक्रार वेगळीच आहे. अनूचे जाणे हुकते आणि तिच्याबरोबर चित्रपटाचेही. शियाज देखणा, सालस. पण तो कुठून येतो? सईद मिर्झांच्या 'सलीम लंगडे पे मत रो' (१९८९) मध्ये सलीमला घर होते, आई होती, लग्नाची बहीण होती. म्हणून त्याचे बिघडणे आपल्याला लागते. शियाजचे घर फक्त मोबाइलवरच्या निरोपात आहे.

जिथे कागद सापडत नाही तिथे कल्पनेने पत्रे लिहिणाऱ्या कपाडिया इथेच का थांबल्या? शियाजच्या आईला पडद्यावर आणायचे नव्हते, ठीक. सुरुवातीच्या त्या अनोळखी आवाजांत तिचाही एक आवाज सहज मावला असता.