मोडशी, हैजा आणि चुकलेली नक्कल

माझ्या आजीच्या बोलण्यात ‘मोडशी’ हा शब्द नेहमीचा होता. लग्नाच्या जेवणानंतर कुणाचे पोट बिघडले, की ती सुंठ उगाळायला बसे. आजीबरोबर घरातून तो शब्दही गेला. पुढे बऱ्याच वर्षांनी तो मला भेटला तो एका पोर्तुगीज ग्रंथाच्या इंग्रजी भाषांतरात. तेव्हापासून त्या ग्रंथाविषयी लिहायचे मनात होते.

हा ग्रंथ म्हणजे गार्सिया द ऑर्ताचे ‘कोलोकियोस’. हिंदुस्थानातील औषधी द्रव्यांवरचे हे संवाद १५६३च्या एप्रिल महिन्यात गोव्यात छापले गेले. बोलणारे मुख्यतः दोघे : स्वतः ऑर्ता आणि युरोपातून नुकताच आलेला, ग्रंथांवर गाढ श्रद्धा असलेला डॉक्टर रुआनो. हा रुआनो काल्पनिक आहे. एका संवादात दोघे बोलत असतानाच निरोप्या येतो. कुणाला तरी दोन तासांपासून उलट्या-जुलाब सुरू आहेत. ऑर्ता रोगाची नावे सांगतो. लॅटिनमध्ये ‘कॉलेरिका पासियो’, इथले लोक म्हणतात ‘मोर्शी’, पोर्तुगिजांनी त्याचा अपभ्रंश केला ‘मोर्देशी’, आणि अरब म्हणतात तो आपल्या ओळखीचा ‘हैजा’. एवढ्यावर तो थांबत नाही. ‘रासिस’च्या लॅटिन प्रतीत हा अरबी शब्द चुकून ‘सैदा’ असा पडला आहे, असेही तो जाता जाता नोंदवतो.

ऑर्ताला आपण सहसा ‘ग्रंथप्रामाण्य झुगारून अनुभवाकडे वळलेला आधुनिक माणूस’ म्हणून वाचतो. माझ्या मते हे वाचन अपुरे आहे. जो माणूस रोग्याकडे निघण्याच्या घाईतही सहाशे वर्षांपूर्वीच्या ग्रंथातील पाठभेद दुरुस्त करतो, त्याने ग्रंथ झुगारलेला नाही. तो ग्रंथाची नक्कल तपासतो आहे.

ही नक्कल बिघडली कशी, हे कळायला थोडे मागे जावे लागते. नवव्या शतकात बगदादमध्ये हुनैन इब्न इसहाक आणि त्याच्या सहकाऱ्यांनी गॅलन व डायोस्कोरिडीस यांचे ग्रंथ अरबीत आणले. त्या पायावर अल-राझीने (हाच लॅटिनमधला रासिस) आणि इब्न सीनाने आपले ग्रंथ उभे केले. इब्न सीनाच्या ‘कानून’चे पाच भाग आहेत. दुसरा एकेरी द्रव्यांचा, पाचवा मिश्र औषधांचा. बाराव्या शतकात तोलेदोमध्ये क्रेमोनाच्या जेरार्डने ‘कानून’ लॅटिनमध्ये आणला आणि युरोपातील विद्यापीठांनी तो शतकानुशतके शिकवला.

भाषांतरकाराची अडचण आपल्याला सहज समजेल. जी वनस्पती त्याने पाहिली नाही, तिला त्याच्या भाषेत शब्द कुठून मिळणार? मग मूळ नावच आपल्या लिपीत उतरवायचे. आपल्या बेहड्याचे अरबीत ‘बलीलज’ झाले होते, त्याचे लॅटिनमध्ये ‘बेलेरिका’ झाले. आवळ्याचे ‘अमलज’ आणि पुढे ‘एम्ब्लिका’ झाले. ही नावे निदान ओळखू येतात. पण अरबी लिपीत एक नुक्ता इकडचा तिकडे झाला की अक्षरच बदलते. तो नुक्ता सुटला, नक्कल करणाऱ्याने अंदाजाने अक्षर वाचले, पुढच्याने ती चूक इमानाने उतरवून घेतली, आणि अखेरीस हैजाचा सैदा झाला.

तत्त्वज्ञानाच्या ग्रंथात अशी चूक अर्थ बिघडवते. औषधाच्या ग्रंथात ती माणसाच्या पोटात जाते. तेराव्या शतकात सम्राट दुसऱ्या फ्रेडरिकने आपल्या सिसिली-दक्षिण इटलीच्या राज्यात वैद्य आणि औषधविक्रेता हे धंदे कायद्याने वेगळे केले आणि औषधे ठरलेल्या पद्धतीनेच बनवायचे बंधन घातले. रोग्याच्या दृष्टीने ही मोठी सुधारणा होती. पण औषध पुस्तकाबरहुकूम बनू लागले, की पुस्तकातली चूकही दुकानात येते. शिवाय पुस्तक कुणाचे, हेही नीट ठाऊक नसे. ‘सेरापियन’च्या नावावर लॅटिनमध्ये गाजलेला एकेरी द्रव्यांचा ग्रंथ मुळात तोलेदोच्याच इब्न वाफिदचा होता, हे तर अलीकडच्या संशोधनाने सिद्ध झाले.

पंधराव्या शतकाच्या अखेरीस युरोपीय विद्वानांना ही गफलत जाणवली. १४९२मध्ये लिओनिचेनोने प्लिनीच्या चुकांवर लिहिले. पुढे फुक्ससारख्यांनी अरबांवर तोफ डागली. उपाय त्यांच्या मते एकच होता : अरब बाजूला सारा, मूळ ग्रीक ग्रंथ वाचा. म्हणजे एका ग्रंथाच्या जागी दुसरा ग्रंथ.

रुआनो हा या पक्षाचा प्रतिनिधी, आणि ऑर्ताचा खरा वाद या पक्षाशी आहे. स्पेनमध्ये असतो तर गॅलनविरुद्ध बोलायची आपली छाती झाली नसती, असे तो मोकळेपणाने कबूल करतो. अरबांचीही तो चूक काढतो, पण ग्रीकभक्तांपुढे इब्न सीनाची बाजू अनेकदा घेतो. हे बळ त्याला अहमदनगरच्या दरबारात मिळाले. बुऱ्हाण निजामशहाचा तो मित्र आणि चिकित्सक होता. निजामशहाने त्याला रोगांची व औषधांची अरबी नावे शिकवली, त्याने निजामशहाला लॅटिन नावे शिकवली. दरबारी हकिमांच्या तोंडून ऐकलेला शब्द आणि तोलेदोच्या लॅटिन पोथीतला शब्द त्याने शेजारी ठेवले, तेव्हा चारशे वर्षांची गफलत उकलू लागली. त्याचा अनुभव म्हणजे झाडपाला पाहणे, आणि तेवढेच माणसांकडून शब्दाचा उच्चार ऐकणे.

मग हाच न्याय त्याने इथल्या वैद्यांना लावला का? इथे मला ऑर्ता तोकडा वाटतो. मालुपा नावाचा हिंदू वैद्य संवादात येतो, पण थोडेच बोलतो. आंतोनिया ही गुलाम मुलगी हाक मारली की झाडपाला घेऊन येते आणि नाव सांगते. मोडशीवर इथले लोक मिरी-जिरे घातलेले तांदळाचे पाणी देतात, त्याला ‘कांजी’ म्हणतात, हे तो नोंदवतो. या रोगात शरीरातले पाणी जाते हे आज कळल्यावर त्या कांजीचे मोल कळते. पण अशा उपचारांना तो अनुभवाची वहिवाट मानतो. इब्न सीनाशी तो भांडतो, तसा वैद्यांच्या ग्रंथांशी भांडत नाही. आणि भांडण हाही एक मान असतो. गंमत अशी, की अल-राझीच्या ‘हावी’त चरकाचे नाव ‘शरक’ म्हणून येते आणि तो ग्रंथ १२७९पासून लॅटिनमध्ये होता. वैद्यांचा ग्रंथ त्याच्या परंपरेत आधीच येऊन बसला होता.

तरीही मालुपा आणि आंतोनिया त्याच्या पानांवर आहेत, हे विसरता येत नाही. १५६७मध्ये क्लुसियसने अँटवर्पमध्ये या ग्रंथाचा लॅटिन संक्षेप काढला आणि संवादच काढून टाकले. युरोपने बहुतांशी हाच संक्षेप वाचला. माहिती राहिली, ती सांगणारी माणसे गेली. नक्कल करताना होणारी ही चूक नुक्त्याच्या चुकीहून मोठी आहे.

ऑर्ताच्या बाबतीत आणखी एक गोष्ट सांगायला हवी. त्याचे आईवडील स्पेनमधून हाकललेले आणि पोर्तुगालमध्ये सक्तीने ख्रिस्ती केलेले ज्यू होते. तो १५६८मध्ये वारला. पुढच्याच वर्षी गोव्याच्या इन्क्विझिशनने त्याची बहीण कातारिना हिला जाळले, आणि १५८०मध्ये त्याची हाडे उकरून तीही जाळली. या माहितीवरून ग्रंथातल्या प्रत्येक ओळीत लपलेला ज्यू शोधण्याचा मोह मी टाळतो. पण ठरलेला पाठ निमूटपणे म्हणण्याची किंमत ज्याच्या घराने मोजली, त्याने एका चुकीच्या अक्षराकडे बोट दाखवावे, याला मी क्षुल्लक पांडित्य म्हणणार नाही.

आजीचा शब्द त्याने ऐकला आणि ऐकला तसा लिहिला. ‘मोर्शी’ ही नक्कलही थोडी चुकलेलीच आहे. पण तिच्यावरून मूळ बोल ओळखता येतो. नक्कल करणाऱ्याकडून यापेक्षा अधिक काय मागावे?