विस्मृतीतील पाणी

री ताजिरी यांचा ‘हिस्टरी अँड मेमरी’ (१९९१) हा अवघ्या ३२ मिनिटांचा अनुबोधपट. १९४२ च्या आदेशान्वये अमेरिकेने सुमारे १,२०,००० जपानी वंशीयांना छावण्यांत डांबले. त्यांतील बहुसंख्य जन्माने अमेरिकनच होते. ताजिरींचे वडील अमेरिकन सैन्यात असताना मागे कुटुंबाचे घरच कोणीतरी हलवून नेले. आईला ॲरिझोनातील पोस्टन छावणीचे फारसे काही आठवत नाही. (ही छावणी पुन्हा मूलनिवासींच्या राखीव भूमीवर!) कन्येच्या मनात मात्र एकच चित्र घर करून आहे : रखरखीत वाळवंटात नळावर पाणी भरणारी तरुण आई. सरकारी चित्रफितींत न सापडणारे हे दृश्य दिग्दर्शिका स्वतः उभे करते. सरकता मजकूर व निवेदन यांच्या गर्दीत प्रेक्षकाची दमछाक होते, हे खरे. परंतु ते पाणी दिसताच तक्रार उरत नाही.