हत्तींच्या गर्दीत हरवलेली नटी

‘शिराज’ या मूकपटाची नवी प्रत २०१७ मध्ये अनुष्का शंकरच्या संगीतासह लंडनमध्ये झळकली, त्याआधी ‘प्रपंच पाश’ला नितीन साहनीचं संगीत लाभलं होतं. दोन्ही वेळा भरभरून लिहिलं गेलं: हत्तींवर, राजवाड्यांवर, वाद्यवृंदावर, पडद्यावरच्या धीट चुंबनावर. दोन्हींत काम करणाऱ्या सीतादेवीच्या वाट्याला आली ती तिच्या देखणेपणाबद्दलची एखादी ओळ. ही उपेक्षा मला सहन होत नाही.

हे मूकपट निघाले त्या काळी युरोपात पूर्वेचं वेड होतं. दिग्दर्शक जो माय यांच्या १९२१च्या ‘द इंडियन टूम’मध्ये कॉनराड फाइट महाराजा झाला, भव्य सेटपलीकडे त्यात काही नाही. निर्माते हिमांशु राय आणि म्युनिकचे दिग्दर्शक फ्रान्झ ऑस्टेन यांनी मात्र हिंदुस्थानात येऊन चित्रण केलं आणि रेनी स्मिथ ही अँग्लो-इंडियन मुलगी ‘सीतादेवी’ या नावाने पडद्यावर आली. १९१३ मध्ये तारामतीच्या भूमिकेसाठी बाई न मिळाल्याने फाळक्यांना अण्णा साळुंक्यांना उभं करावं लागलं होतं. त्यानंतर अवघ्या बारा वर्षांतली ही गोष्ट.

१९२५च्या ‘प्रेम संन्यास’मध्ये ती गौतमाची पत्नी गोपा. १९२८च्या ‘शिराज’मध्ये दालिया: शाहजाद्यासाठी झुरणारी, खोट्या परवान्याचा डाव रचणारी. एनाक्षी रामा राव यांची सलीमा शालीन आहे, पण चित्रपट पुढे ढकलते ती दालियाच. तिचा मत्सर हातवाऱ्यांत नाही, नजरेत आहे. समोरच्याला अंदाज घेत न्याहाळणाऱ्या त्या डोळ्यांतून कट आधीच कळतो. वर्षभरात तीच नटी ‘प्रपंच पाश’मध्ये आश्रमकन्या सुनीता होते. ज्याच्यावर जीव जडला त्या रणजितनेच आपल्या वडिलांचा खून केला, असा समज तिला करून दिला जातो. प्रेम आणि संशय एकाच चेहऱ्यावर पेलायचे आहेत, तेही आवाजाच्या आधाराशिवाय. ती ते पेलते. दालियाची एकही लकब सुनीतेत येत नाही.

याला अभिनय म्हणायचं नाही तर कशाला? तो नजरेआड राहिला, त्याचं मूळ जुनं आहे. ‘प्रेम संन्यास’च्या सुरुवातीलाच सांगितलं गेलं की यात स्टुडिओचे सेट नाहीत, कृत्रिम प्रकाश नाही, रंगभूषा नाही. युरोपच्या प्रेक्षकाला अस्सल पूर्व विकायची ही जाहिरात होती. तिने नटीची मेहनत पुसली आणि माणसाला निसर्गदृश्यात जमा केलं. आज हत्ती मोजणारे समीक्षक त्याच जाहिरातीला बळी पडत आहेत. बहुतेक भारतीय मूकपट नष्ट झाले; त्या पिढीतल्या कितीतरी नट्यांची आता फक्त नावं आणि छायाचित्रं उरली. सीतादेवीचं काम डोळ्यांनी पाहता येतं, तरी आपण तिच्या मागची कमान पाहतो!

फिल्म सोसायट्यांना माझं सांगणं आहे: हे तिन्ही चित्रपट सलग दाखवा, आणि चर्चा संगीतापासून नव्हे, सीतादेवीच्या अभिनयापासून सुरू करा. मूकपटाच्या काळातल्या श्रेष्ठ अभिनेत्रींत तिची जागा आहे, आणि ती तिला मिळालीच पाहिजे.